सावित्रक्काच्या दारचा डहाळा

बंगळूर, १९५८. मंगळवार, संध्याकाळ

लाज वाटते. देवीची साथ आल्यापासून मी रोज कट्ट्यावर बसून गल्लीला पेपर वाचून दाखवतो. गावाबाहेर एक रोगी सापडला, एवढीच बातमी. तिखटमीठ लावून मी ती पार आमच्या गल्लीत आणली. ऐकणारे गप्प झाले की बरं वाटायचं. का वाटायचं?

परवा समोरच्या सावित्रक्काच्या दारावर कडुलिंबाचा डहाळा दिसला. म्हणजे घरात देवी! चौकशीही केली नाही. दारोदार गाय नेऊन दूध काढणाऱ्या गवळ्याला म्हटलं, "त्या घरी जाऊ नकोस."

आज ती नातीला कडेवर घेऊन आली. मी मागे सरकलो.

"कुणाला आल्यात देवी?"

"कुणाला नाही, अण्णा. तुम्ही वाचलेलं ऐकून भ्याले, म्हणून आधीच बांधला डहाळा."

सुकलाय आता तो डहाळा. इथून दिसतो.

जाता जाता ती थांबली. "परवापासून गवळी गाय घेऊन पुढेच जातो. पोर दुधासाठी रडते. का येत नाही, ते काही आलंय का हो पेपरात?"

मी खरंच पेपर उघडला, पानं चाळली.

"नाही, अक्का," म्हटलं. "काही आलेलं नाही."