दर रविवारी येणारा मुलगा

३ ऑगस्ट, रविवार
संपादिका इन्ग्रिडचा फोन. नऊही कथा छान आहेत, सगळ्या एकाच गावच्या, पण सुट्या सुट्या वाटतात म्हणाली. ओवणारा दोरा हवा. फोन ठेवता ठेवताच सुचला! एक मुलगा दर रविवारी मेलबर्नहून चार तास गाडी चालवत त्याच गावी, विराबेगला, आईला भेटायला जातो आणि वाटेत त्याला प्रत्येक कथेतलं माणूस भेटतं. इन्ग्रिड खूश. आज खरं तर मीच आईकडे जाणार होतो, पण सुचलेलं लगेच उतरवलेलं बरं. पुढच्या रविवारी नक्की.

१० ऑगस्ट
जमलं नाही. लेखन जोरात. कथेतला मुलगा मात्र पोचला. आईचं लिंबाचं झाडही छाटलं त्याने. गुणी आहे.

२४ ऑगस्ट
अडलो. आई आणि मुलगा दोन-दोन तास बोलतात तरी काय? बहिणीला विचारलं. लोरेन गावातच राहते, आईचं सगळं तीच बघते. म्हणाली, येऊन ऐक की. खवचट आहे, लहानपणापासून.

२७ सप्टेंबर
आज फुटबॉलची फायनल. अख्खं राज्य टीव्हीसमोर. आईसुद्धा. मध्येच जाऊन टपकलो तर तिलाच त्रास.

१९ ऑक्टोबर
निघालो होतो. खरंच. वाटेतल्या बॅलरॅटपर्यंत गेलोही. मग लक्षात आलं, निघायला उशीर झालाय, पोचेपर्यंत अंधारेल, आणि तिन्हीसांजेला रस्त्यावर कांगारू. माझं काही नाही, पण गाडी नवी आहे. परत फिरलो.

९ नोव्हेंबर
मंगळवारी आईच्या मोतीबिंदूचं ऑपरेशन. मी घेऊन जाईन असं मीच कबूल केलं होतं. आणि नेमकी प्रुफं आली! लोरेनने कामावर रजा टाकली. फोनवर एवढंच म्हणाली, तुझ्यावर कोण विसंबलं होतं? फार लागलं. दिवसभर कामात जीव नव्हता. तरी अर्धी प्रुफं तपासली.

१२ नोव्हेंबर
मनाला खात होतं. म्हणून शेवटच्या कथेत नवा प्रसंग घातला: मुलगा आईला ऑपरेशनला नेतो, हात धरून बसतो. लिहिताना रडलो. तपशिलासाठी लोरेनला विचारलं, पट्टी कुठल्या डोळ्यावर? तिने फोन आपटला. मी डावा लिहिला.

११ जानेवारी
४३ अंश. वणव्याचा इशारा. गरज नसेल तर बाहेर पडू नका, असं सरकारच सांगतंय. मी कायदा पाळणारा माणूस.

१३ मार्च
प्रकाशन उद्या, विराबेगच्याच हॉलमध्ये. इन्ग्रिडची कल्पना. अर्पणपत्रिकेत फक्त दोन शब्द: माझ्या आईस. ते वाचलं की सगळं फिटेल.

१५ मार्च, रविवार, सकाळ
काल हॉल खचाखच. रीतीप्रमाणे प्रत्येक बाई घरून काही ना काही करून घेऊन आलेली. आई पहिल्या रांगेत. लोरेनने तिला पुस्तक आधीच दिलं होतं. ऑपरेशननंतर वाचलेलं पहिलंच.

पोस्टातल्या बेरिलने विचारलं, यातलं खरं किती? मी घसा साफ करतोय तोवर आईच उठली. म्हणाली, सगळं खरं आहे गं, तुझ्या नवऱ्याचं घोरणंसुद्धा. तो रविवारचा मुलगा तेवढा आमच्या डेसने मनाने रचलाय. हॉल खदखदून हसला. मीही हसलो. लोरेन हसली नाही.

निघताना आईने उरलेले लॅमिंग्टन केक डब्यात भरून दिले. माझा हात हातात घेऊन म्हणाली, तो मुलगा मला फार आवडला रे. जमलं तर त्याला पाठव एखादे वेळी. टोमणा असता तर बरं वाटलं असतं. टोमणा नव्हता, ती खरंच मागत होती.

उद्याच पाठवतो म्हणालो.

आज रविवार. मी मेलबर्नला, घरी. लॅमिंग्टन संपत आलेत.