स्वयंपाकघरातून ऐकलेले गोल

दादा,

तुझ्यावरचा माझा राग जुना आहे. लहानपणी एकदा मी पाणी प्यायला उठले आणि आपल्या टीमने गोल केला. तेव्हापासून प्रत्येक फुटबॉल मॅचला बाबा मला स्वयंपाकघरात पिटाळतात. म्हणतात, "अगं, तू लांबून लकी आहेस!" सोफ्यावर त्यांच्या शेजारी मात्र कायम तू. नोकरीसाठी दूर गेलास, तरी तुझ्या जागेवर तुझा टीमचा मफलर बसतो.

काल फायनल होती. मी पहिल्यांदाच दाराआडून चोरून मॅच बघितली. आपण हरलो. मी कबूल करणारच होते, तेवढ्यात बाबा मफलरवर हात फिरवत म्हणाले, "तो नव्हता ना, म्हणून हरलो."

खापरसुद्धा तुझ्याच डोक्यावर फोडलं रे! माझ्या वाट्याला तेवढंही आलं नाही.

तुझी,
लांबून लकी