चारचौघांतल्या शिव्या

तोत्मा, १० जानेवारी १९६३

चि. सावेलीस अ. उ. आ. वि. वि.

तू क्युबाकडून सुखरूप परतलास हे तुझ्या चार ओळींवरून कळलं. चारच ओळी! आरमारी माणसाला काही विचारू नये हे मला कळतं, पण जेवलास का, एवढं तरी लिहायचं. माझी शेळी आजारी होती, आता बरी आहे आणि पूर्वीइतकीच आगाऊ आहे.

आता मुद्द्याचं. आपली शेजारीण फ्रोस्या, तिचा भाचा तुमच्याच बंदरात कोठारावर आहे. सुट्टीत येऊन त्याने गावभर केलं, की तुमची पाणबुडी अमेरिकनांच्या डोळ्यांदेखत वर आली आणि खाली मान घालून परतली. कप्तान लढायला उभा होता, आपल्या सावेलीनेच कच खाल्ली म्हणे. बाबांनी हे गावच्या सार्वजनिक न्हाणीघरात ऐकलं, भर वाफेत, चारचौघांत. अंगाचा साबण न धुताच घरी आले. म्हणाले, की एक पोरगा लेनिनग्राडपाशी मातीत गेला आणि दुसरा हात वर करून परत आला. फौजेच्या दिवसाला, तेवीस फेब्रुवारीला, त्यांचे लढाईतले सोबती जेवायला येतात. तेव्हा तू या घरात पाऊल ठेवायचं नाहीस, आणि नंतरही नाही, असं त्यांनी बजावलंय.

खरं सांग, भ्यालास का? भ्याला असलास तरी माझा भाऊच आहेस. पण बाबांना मी काय सांगू?

माया आहेच, तुझ्याकडून जरा जास्त ओळी येऊ देत.

तुझी ताई ग्लाफिरा


पोल्यार्नी, २२ जानेवारी

ती. ताईस सा. न. वि. वि.

हे पत्र टपालाने नाही, आमचा आचारी मित्रिच रजेवर तुमच्या बाजूला येतोय, त्याच्या बुटातून येतंय. वाचून चुलीत घाल. बाहेर फुटलं तर माझ्याबरोबर तुम्हीही तुरुंगात जाल.

भ्यालो का, ते आठवत नाही. आत इतकं उकडत होतं की माणसं उभ्या उभ्या कोसळत होती. वरून अमेरिकन जहाजं बॉम्ब टाकत होती. मॉस्कोचा आवाज कित्येक दिवस ऐकू आला नव्हता. वर युद्ध पेटलंय की नाही, कोणालाच ठाऊक नव्हतं. आमच्याकडे एक पाणतीर अणुबॉम्बचा होता. कप्तान ओरडला, की वर सगळं जळत असेल आणि आपण इथे घाम पुसत बसायचं का, आरमाराचं नाक कापू देणार नाही, सोडा तो! पक्षाने नेमलेल्या राजकीय अधिकाऱ्याने होकार दिला. आमच्या पाणबुडीवर तिघांचा होकार लागत होता. तिसरा मी.

मला काही सुचेना. तोंडातून निघालं ते आईचं नेहमीचं वाक्य. म्हटलं, की एवढ्या लांब निघायचं तर आधी घटकाभर बसूया. आपल्यात प्रवासाला निघताना घटकाभर न बसता कोण उंबरठा ओलांडतं? कप्तान शिव्या घालत घालत बसला, सवयच ती. राजकीय अधिकारी असल्या गोष्टी मानत नाही, तोही बसला. सगळे गप्प झाले, तेव्हा मला पहिल्यांदा नीट ऐकू आलं. बॉम्ब कधी डावीकडे पडत होते, कधी उजवीकडे, आमच्यावर एकही नाही. मी म्हटलं, की मारायचं असतं तर एव्हाना मारलं असतं, हे नुसतं वर या म्हणून दार ठोठावतायत. माझा होकार नाही, वर जाऊन बघू. कप्तानाने आणखी एक शिवी हासडली आणि वर जायचा हुकूम दिला.

वर युद्ध नव्हतं. समोरच्या जहाजावर कोणीतरी कपडे वाळत घातले होते.

परतल्यावर एक वरिष्ठ म्हणाले, की यापेक्षा बुडाला असतात तर बरं झालं असतं. मी सलाम ठोकला. तेव्हापासून काही वाटतच नाही, ताई. पावाला चव नाही. रस्त्यात पोरं बर्फावर घसरत असतात. ती जिवंत आहेत हे मला माहीत आहे, तेवढंच.

बाबांना काय सांगायचं ते तूच ठरव. माझ्यावर रागावू नकोस, एवढंच मागणं.

तुझा सावेली


तोत्मा, ४ फेब्रुवारी

चि. सावेलीस अ. उ. आ. वि. वि.

मित्रिच उद्या निघतोय, म्हणून घाईत. त्याला कोबीचं सूप पाजलं. तुमचा आचारी चार वाट्या प्यायला, यावरून तो तुम्हाला काय खाऊ घालत असेल ते समजलं.

पत्र बाबांना वाचून दाखवलं. ते म्हणाले, पुन्हा वाच. मग स्वतःच्या हाताने चुलीत घातलं आणि पूर्ण जळेपर्यंत तिथून हलले नाहीत. नंतर विचारलं, की हे आणखी कोणाला ठाऊक आहे का. मी नाही म्हटलं.

मग म्हणाले, की घर त्याचंच आहे, फौजेच्या दिवशी त्याने माझ्या शेजारी बसायचं. पण बाहेर मी त्याला शिव्या देत राहणार. आज एकदम थांबलो तर गाव विचारेल, म्हाताऱ्याला असं काय कळलं? कोणी विचारलंच, तर पोटचा आहे म्हणून ताटावर बसवलाय, असं सांगेन.

शनिवारी न्हाणीघरात त्यांनी तुला भित्रा म्हटलं, नेहमीपेक्षा मोठ्याने. फ्रोस्याच्या नवऱ्याने हो ला हो लावला. घरी आले आणि टोपीही न काढता बाकावर बसून रडले. लेनिनग्राडहून आपल्या पाशाची खबर आली तेव्हासुद्धा मी त्यांना रडताना पाहिलं नव्हतं. मला तुझा फार अभिमान वाटतो रे, आणि तो कोणाला सांगायची सोय नाही.

ये. तुझ्या वाटेकडे डोळे लावून,

तुझी ताई


पोल्यार्नी, ११ फेब्रुवारी

ती. ताईस सा. न. वि. वि.

पत्र पोचलं. हे टपालाने पाठवतोय, म्हणून थोडक्यात. तब्येत ठीक. रजा मंजूर झाली आहे, बावीस तारखेला दुपारच्या बसने येतो.

बसथांब्यावर त्या वेळी बरेच लोक असतात. बाबांना सांग, घ्यायला यावं. त्यांना मला जे काही बोलायचं असेल ते तिथेच, सगळ्यांसमोर बोलावं. मी शेवटपर्यंत उभा राहून ऐकेन.

तुमचा,
सावेली