कुंपणातल्या गावाचा नकाशा

टीचर, तुम्ही जाऊन इतकी वर्षं झाली की आता तुमचा चेहरा मला नीट आठवत नाही, आवाज मात्र आठवतो. वर्गात तुम्ही इंग्रजीत शिकवायच्या, पण मधल्या सुट्टीत मी एकटी दिसले की एकदम वसईच्या व्हायच्या. "काय गं, डब्यात काय आणलंयस?" असं विचारणारी शाळेत तुमच्याशिवाय दुसरी कोणी नव्हती. आमच्या घरी तुमच्याबद्दल पहिल्यांदा बोलणं झालं ते कौतुकानेच. मम्मी शुक्रवारी, तिथल्या सुट्टीच्या दिवशी, चर्चमधल्या मिस्सानंतर सगळ्यांना सांगत सुटली होती, की पोरीला आपल्याकडची टीचर मिळाली. हेच लोक पुढे तुमच्याबद्दल आवाज खाली करून बोलू लागले, म्हणून सुरुवातीचं ते कौतुक आधी लिहून ठेवते.

आम्ही आखातातल्या एका बेटावर, रिफा नावाच्या गावात राहायचो. पप्पा तिथून दक्षिणेला, वाळवंटात तेल कंपनीने वसवलेल्या गावात एसी मेकॅनिक होते. त्या गावाला आम्ही घरी 'कुंपणातलं गाव' म्हणायचो. भोवती तारेचं कुंपण, फाटकावर पहारा, आत एकसारखे बंगले, कण्हेरीची झाडं, पोहण्याचा तलाव, आणि बाहेर नजर पोचेल तिथवर खडी आणि वाळू. नववीत तुम्ही आम्हाला बेटावरचं एक छोटं गाव निवडायला सांगितलंत. त्याचा भूगोल, इतिहास, तिथल्या लोकांचं पोट कशावर चालतं, सगळं स्वतः विचारून लिहायचं. मी कुंपणातलं गाव निवडलं, कारण पप्पा मला आत नेऊ शकत होते आणि मला तो पोहण्याचा तलाव बघायचा होता.

पहिल्या आठवड्यात मी कंपनीच्या रंगीत पुस्तिकेतून उतरवून आणलं, की पूर्वी इथे काहीही नव्हतं, मग तेल सापडलं आणि गाव उभं राहिलं. तुम्ही ते वाचलंत आणि वही मिटून माझ्या हातात दिलीत. "काहीही नव्हतं असं कोण म्हणतंय? जो नंतर आला तो. छापलंय म्हणून खरं मानायचं नाही. सांगणारा कोण आहे आणि त्यात त्याचा फायदा काय, हे आधी बघायचं." मग तुम्ही प्रश्नांचा सपाटाच लावलात. झाडांना पाणी कुठून येतं? साहेब लोक उंचावर का राहतात? पहिली तेलाची विहीर खणायला माणसं कुठून आली? नोकरी संपली की माणूस त्या गावात राहू शकतो का? शेवटचा प्रश्न मी पप्पांना विचारला तेव्हा ते जेवता जेवता थांबले. "चावी परत द्यायची आणि जायचं," ते म्हणाले. "हे कशाला हवंय तुझ्या टीचरला?"

ती वर्षं तशीच होती, टीचर. आखाताच्या वरच्या टोकाला लढाई चालू होती, बातम्या लागल्या की पप्पा रेडिओचा आवाज कमी करायचे, आणि भिंतीपलीकडचा माणूस काय ऐकतो, कुणाशी बोलतो, याची प्रत्येकाला काळजी. एका शुक्रवारी सकाळी पप्पा मला कुंपणाच्या आत घेऊन गेले. मी पाण्याच्या टाकीखाली सावलीत बसून नकाशा काढत होते: फाटक, बंगले, टाकी, टाकीकडून निघणारे पाइप. पहारेकरी आला. चार्ट पेपर उलटसुलट करून बघितला आणि पप्पांना म्हणाला, "ये पाइप का नक्शा किसने बोला बनाने को?" पप्पा हसून म्हणाले, "स्कूल का काम है, भाई." त्याने नकाशा परत दिला, पण तो हसला नाही. दुसऱ्या दिवशी पप्पांना साहेबांच्या ऑफिसात बोलावणं आलं.

त्या संध्याकाळी पप्पा घरी आले ते बूट न काढताच खुर्चीत बसले. मम्मीने विचारलं, काय झालं? "विचारलं तेवढं सांगितलं," एवढंच ते म्हणाले. त्याच वेळी आमच्याकडे रत्नागिरीचे चाचा चहाला आले. ते साहेबांची गाडी चालवायचे. सहज बोलता बोलता ते म्हणाले, की तुमच्या पोरीची बाई मी मआमीरला बघितली, एका म्हाताऱ्या अरबाच्या दारात बसली होती, हातात कागद. पप्पांनी मम्मीकडे बघितलं. मआमीर म्हणजे रिफायनरीच्या बाजूची वस्ती. तिथे एकटी बाई काय करते? त्या दिवसापासून आमच्या घरात तुमचं नाव निघालं की मम्मी आधी खिडकी लावून घ्यायची. पुढच्या आठवड्यात साहेबांनी पप्पांना पुन्हा एकदा बोलावलं.

आणि मीही तुमच्यावर पाळत ठेवू लागले. तुम्ही शहरात, माहूजला, एकट्याच का राहता, घरी लग्नाचं कुणी बोलत नाही का, सुट्टीत कुणाला पत्रं लिहिता, मधल्या सुट्टीत शिपायाकडून अरबी शब्द कशाला शिकून घेता. तुम्हीच तर शिकवलं होतंत, सांगणारा कोण आणि त्याचा फायदा काय ते बघायला. मी तुमच्याकडेच बघायला लागले. मग एके दिवशी वर्गाच्या भिंतीवरचा माझा नकाशा नाहीसा झाला. मी सगळ्यांदेखत विचारलं, "टीचर, माझा नकाशा?"

"तो मी देऊन आले."

"कुणाला?"

"ज्यांना हवा होता त्यांना." आणि तुम्ही फळ्याकडे वळलात.

मी घरी हे सांगितलं तेव्हा पप्पांचा चेहरा उतरला. "बघ, मी म्हणत नव्हतो? आता माझा व्हिसा जातोय." त्यानंतर आम्ही रोज वाट बघत होतो, आज पप्पांना काढतील, उद्या काढतील. मम्मीने वसईला आजीला लिहूनही टाकलं, की वरची खोली रिकामी करून ठेव. पण पप्पांची नोकरी राहिली. काढलं तुम्हाला. शाळेने तुमचं कॉन्ट्रॅक्ट पुढे वाढवलं नाही. चर्चच्या आवारात सगळे म्हणाले, काहीतरी असणारच. निघायच्या आधी तुम्ही मला बोलावून एक अॅटलास दिलात. जाड पुठ्ठ्याचा, तुमचाच, कोपरे झिजलेला. घरी मम्मीने तो पान न पान झटकून बघितला, मग ब्लेडने पुठ्ठ्याचं अस्तरही उसवलं. आत काहीच नव्हतं. तिने ते चिकटपट्टीने परत चिकटवलं.

खरं काय झालं ते मला पुष्कळ वर्षांनी कळलं. मी तेव्हा याच बेटावरच्या हॉस्पिटलात नोकरीला लागले होते, पप्पा वारले होते, आणि चाचा कायमचे रत्नागिरीला निघाले म्हणून निरोप घ्यायला आले होते. तुम्ही वसईत देवाघरी गेल्याचं मम्मीने त्यांना सांगितलं. चाचांनी कप खाली ठेवला. म्हणाले, "ती बाई स्वतःहून आली होती ऑफिसात. फाटकापासून मीच आणली गाडीत, न् दारातच उभा राहिलो. नकाशा साहेबाच्या टेबलावर ठेवला न् बोलली, पाइप काढायला मी सांगितलं, पोरीचा न् तिच्या बापाचा काही संबंध नाही. साहेब बोलला, तुमचं नाव तर तिच्या बापानंच दिलं आम्हाला. मआमीरला जाता तेही त्यानंच नंतर सांगितलं."

मम्मी म्हणाली, "मग?"

"मग काय. बाई बोलली, त्याला पोरंबाळं आहेत, तो सांगणारच. न् मआमीरचा म्हातारा कोण ते बघायचं असेल तर चला माझ्याबरोबर. तरुणपणी मोत्यांसाठी समुद्रात बुड्या मारायचा. मोती विकेनासे झाले तेव्हा तुमच्या विहिरीवर पाइप ओढायला आला. तुमच्या गावाचा इतिहास त्याच्याकडे आहे, कुंपणात नाही. साहेब बोलला, शाळेला कळवतो. खलास. परत जाताना बाई गाडीत मागे बसली होती. मला बोलली, भाऊ, एसी बंद करा. एसी बंदच होता."

म्हणजे तुम्हाला सगळं ठाऊक होतं. पप्पांनी तुमचं नाव दिलं हे ठाऊक असताना तुम्ही त्यांच्या मुलीला शेवटचे आठवडे शिकवत राहिलात. मी वर्गात तुमच्याकडे कसं बघत होते तेही दिसत असणार. तरी डब्यात काय आणलंय हे विचारायचं तुम्ही थांबवलं नाहीत. चाचा गेल्यावर मम्मी बराच वेळ ओट्याशी पाठमोरी उभी होती. नळ चालू होता आणि ती काहीच धूत नव्हती. मी मआमीरला जाऊन आले. म्हातारा केव्हाच गेला होता. त्याच्या सुनेने मला आत बसवलं, खजूर आणि कडू कॉफी दिली, आणि एक हिंदुस्थानी बाई सासऱ्यांकडे यायची हे तिला चांगलं आठवत होतं. "अरबी फार वाईट बोलायची," ती हसून म्हणाली, "पण ते तिच्यासाठी आधीपासून तयार होऊन बसायचे."

हे पत्र पाठवायला पत्ता नाही, आणि असता तरी पाठवलं नसतं, कारण पुढचं वाक्य तुमच्यासमोर मला बोलता आलं नसतं. पप्पांवर रागवायचा मी खूप प्रयत्न केला, टीचर. जमलं नाही. आता मलाही दोन मुलं आहेत, माझाही व्हिसा दुसऱ्याच्या सहीवर चालतो. ऑफिसातल्या त्या खुर्चीत मला बसवलं असतं, आणि साहेबाने शांतपणे विचारलं असतं, तर मीही तुमचं नाव सांगितलं असतं.