मारेकऱ्याचे मोजे

स्टॉकहोम, १२ फेब्रुवारी १९५४

प्रिय इंगेगेर्ड मावशी,

आधी तुझ्या गुडघ्यांना आणि मग तुला नमस्कार. अंगणातला बर्फ शेजारच्यांकडून उपसून घेतेस ना, की अजून स्वतःच फावडं घेऊन बाहेर? मी ठणठणीत आहे. (सर्दी आहे, पण ती इथे सगळ्यांनाच आहे.)

माझी सिनेमातली प्रगती तुला ठाऊकच आहे. पहिल्या सिनेमात मी गर्दीत होतो, दुसऱ्यात बुडून मेलेला खलाशी (तो ऐनवेळी शिंकला), आणि तिसऱ्यात थेट खुनी! नदीत ओंडके ढकलायचं काम सोडून निघालो तेव्हा बाबा म्हणाले होते, दोन हिवाळे बघ, नाहीतर गपचूप लाकडाच्या गिरणीत ये. हा दुसरा हिवाळा. म्हणून खुनी झाल्याबरोबर आईला कळवून टाकलं, आता माझं तोंड पडद्यावरच बघ.

तर शरदातल्या त्या शूटिंगची गोष्ट. मी दार ढकलून आत यायचं आणि खुर्चीत बसलेल्या म्हातारीचा गळा दाबायचा. सोपं काम. दार ढकललं, आत आलो, वाकलो, आणि बूट काढून उंबऱ्याशी जोडीने ठेवले. दिग्दर्शक माल्मस्ट्रोमसाहेब ओरडले, "थांबवा! अरे, खून करायला आलायस की जेवायला?" मी म्हटलं, "साहेब, फरशी आत्ताच पुसलीय." (खरंच पुसली होती. पुसणारी बाई बादली घेऊन तिथेच उभी होती आणि ती एकटीच माझ्या बाजूने होती.) दुसऱ्यांदा तेच. तिसऱ्यांदा मनाशी पक्कं ठरवून आत गेलो, तरी हात आपोआप नाड्यांकडे! मावशी, बूट घालून कुणाच्या घरात शिरायचं, तेही म्हाताऱ्या माणसाच्या? पाचव्यांदा साहेब ओरडलेच नाहीत. हनुवटी खाजवत म्हणाले, "असू दे, काढ बूट. पावलं वाजणार नाहीत. लोक जास्त घाबरतील." माझी छाती फुगली. मग कॅमेरा चेहऱ्यावर आला, तर म्हातारीचं काम करणाऱ्या हेडलुंडबाई हसायलाच लागल्या. "ह्याचं तोंड बघून भीती नाही हो वाटत, ह्याला कॉफी विचारावीशी वाटते!"

एकंदरीत काम झकास झालं. कुत्र्याला माझ्याकडून थोपट.

तुझा,
एलोफ

ता. क. सिनेमा मार्चमध्ये आपल्या गावच्या सभागृहात लागतोय. आईने पाद्रीबाबांसकट सगळ्यांना बोलावलंय, पोराचं तोंड बघायला. काल आम्हाला सिनेमा दाखवला. मावशी, तोंड कापलंय. फक्त पाय ठेवलेत, पण पडदाभर! पायांत तू बावन्नच्या नाताळला विणून दिलेले मोजे आहेत. डाव्यावरच्या रेनडिअरला तीनच पाय आहेत, हे अख्ख्या गावाला माहीत आहे. तू आईच्या शेजारी बस आणि पाय दिसले की मोठ्याने सांग कुणाचे ते, म्हणजे बाबांनाही ऐकू जाईल.

ता. क. २. नाही बोललीस तरी चालेल. उजव्या मोज्याला भोक पडलंय आणि त्यातून अंगठा बाहेर आलाय, लहानपणी कुऱ्हाडीने नख दुभंगलेला, तोच. आई ओळखेल. भोकाचं मात्र तिला तूच काहीतरी सांग.