शेंदराखालचा इंजिन नंबर

८ नोव्हेंबर, शनिवार. सौंसर
व्हॅन अंगणात येऊन सहा दिवस झाले, अजून नंबर सापडत नाही. चेसिसचा सापडला, सीटखाली ठळक आहे, कागदावर तसाच. इंजिनचा कुठे दडी मारून बसलाय देव जाणे. जुना विमा आधीच्या मालकाकडे असतानाच संपलेला. नवा देणारा म्हणतो, दोन्ही नंबरांचे फोटो द्या, मग बोलू.
ह्यांना विचारलं. बत्तीस वर्षं नागपूरची बस चालवली, ह्यांना नाही कळणार तर कुणाला? "ब्लॉ... ब्लॉक..." इथपर्यंत आले आणि आत दूध उतू गेलं. मी पळाले. परत आले तर गप्प. पुन्हा विचारायचं राहिलं.

९ नोव्हेंबर, रविवार
शाळेतल्या बाया विचारतात, चौदा वर्षं जुनी व्हॅन कशाला घेतली? त्यांना नाही सांगितलं. इथे लिहिते.
मार्चमध्ये ह्यांना लकवा झाला. उजवा हात, उजवा पाय, जीभ. पाय थोडा आला, वॉकर धरून चालतात. हात नाही. बोटांना काही कळतच नाही. नागपूरचे डॉक्टर म्हणाले, पहिल्या वर्षात जे परत येईल ते येईल, पुढे फार आशा धरू नका, आठवड्यातून दोनदा व्यायामाला आणा. जुलैपासून एकदाही गेलो नाही. बसची पायरी चढवत नाही. भाड्याच्या कारमध्ये चौघांनी उचलून कोंबलं, त्या दिवशी घरी येऊन म्हणाले, "आता पुरे." तेवढे दोन शब्द कसे स्वच्छ आले!
ही व्हॅन दाखवायला आणली तेव्हा सरकतं दार उघडलं, हे पाठमोरे झाले, टेकले, डाव्या हातानं उजवा पाय उचलून आत घेतला. कुणी बोट लावलं नाही. मी तिथल्या तिथे हो म्हटलं. लायसन्स माझं मे महिन्यात आलंच आहे.
नोव्हेंबर, डिसेंबर, जानेवारी, फेब्रुवारी. चारच महिने.

११ नोव्हेंबर, मंगळवार
गजू मिस्त्री रामाकोन्याहून आला एकदाचा. पुढची सीट उचलली, आत टॉर्च मारली आणि हसायला लागला. "काकू, इकडे या जी. तुमचा नंबर देवळात जाऊन बसला."
इंजिनच्या अंगावर दोन बोटं रुंद एक सपाट जागा, तिच्यावर शेंदराचा थर. दगडासारखा घट्ट.
पांढुर्ण्याला फोन लावला. गाडी तिथल्या काकाजींची, किराणा दुकानवाले, वय अठ्ठ्याहत्तर. म्हणाले, "दर दसऱ्याले लावतो ना बाई. अख्ख्या इंजिनात तेवढीच जागा सपाट हाय. दुसरीकडं कुठं लावाव?"
कंपनीलाही तेवढीच सपाट जागा दिसली असणार. चौदा दसरे. गजू अजून हसत होता. मला काही हसू आलं नाही. "परवा येऊन साफ करून देतो," म्हणाला.

१४ नोव्हेंबर, शुक्रवार
गजूचा परवा उगवला नाही. फोन उचलत नाही. लग्नाचे दिवस आहेत, सगळ्यांना गाड्या याच आठवड्यात हव्यात म्हणे.
शाळेतून आले, साडी खोचली, पेचकस आणि पॉलिश पेपर घेऊन बसले. हे अंगणात खुर्चीवर. म्हणाले, "थांब." मला ऐकू आलं. पुन्हा म्हणाले. तेही ऐकू आलं. पण हे हल्ली सगळ्यालाच थांब म्हणतात. दार लावायला गेलं तरी थांब, चहा ओतायला गेलं तरी थांब. सगळ्या थांबांना थांबले तर घर कोण चालवेल?
अर्ध्या तासात आकडे वर आले. घामाघूम झाले, पण काय बरं वाटलं! फोटो काढला, विमेवाल्याला पाठवला. तीन महिन्यांत पहिलं काम मनासारखं झालं.

१५ नोव्हेंबर, शनिवार
नाही झालं.
विमेवाला घरी आला. कागदावर सहावा आकडा तीन. इंजिनवर तो तीन दिसतो असं म्हटलं तर तीन, आठ म्हटलं तर आठ. इंग्रजी आकडे, दोघांत फरक फक्त डाव्या बाजूचा, आणि नेमकी तिथेच चकचकीत ओरखड्यांची गर्दी. "मॅडम, हे कोनं घासलं?" मी म्हटलं, मी. त्यानं माझ्याकडे पाहिलं, वर्गात चोरी पकडल्यावर मी पाहते तसं. आरटीओचा शेरा आणा, म्हणाला आणि गेला.
संध्याकाळी दमून पायरीवर बसले होते, म्हणून ऐकलं. नाहीतर तेव्हाही उठले असते. हे एकेक शब्द आणत होते. "रॉकेल... फडक्यानं... ठेवायचं. रातभर. मग... नुसतं पुसायचं."
म्हणजे ह्यांना माहीत होतं. मी ओरडले, मग आधी का नाही बोललात?
"बोलून... राहिलो होतो."
जेवण वाढलं. राग ह्यांचा नव्हता, पण वाढताना ताट ह्यांच्यापुढेच आपटलं.

१८ नोव्हेंबर, मंगळवार
एक सुटी गेली. आरटीओच्या ऑफिसात सकाळी दहापासून. साहेब तरुण, हिंदी बोलणारे, अजिबात तिरसट नाहीत. तिरसट असते तर घरी येऊन शिव्या तरी घालता आल्या असत्या. भिंग लावून फोटो पाहिला. "देखिए मैडम, या तो तीन का आठ बना है, या आठ का तीन. मैं कैसे लिख दूँ?" बरोबरच आहे. मी त्यांच्या जागी असते तर मीही लिहिलं नसतं.
जुन्या मालकाचं लेखी बयान आणा, पेन्सिलनं घेतलेली छाप आणा. तीन असेल तर त्याच दिवशी शेरा. आठ निघाला तर कागदच चुकीचा, मग जुनं रेकॉर्ड काढा, दुरुस्ती करा. किती दिवस? "मार्च के बाद ही समझिए."
मार्चच म्हणाले. वर्षात दुसरा महिना नाही जणू.
म्हणजे तीन हवा. तीनच हवा.

१९ नोव्हेंबर, बुधवार
भांडण.
मी म्हटलं, विम्याचं जाऊ द्या, नागपूर काही परदेश नाही, पहाटे निघू, दुपारी परत. हे: "बिना कागद... नाई."
बत्तीस वर्षांत ह्यांनी कागदाशिवाय गाडी जागची हलवली नाही. मालक चिडायचे, बसमधले लोक शिव्या द्यायचे, हे खाली उतरून उभे. आम्हाला त्याचा केवढा अभिमान होता. आज असं वाटलं की एखाद्या दिवशी तरी हलवायला हवी होती, सवय तरी राहिली असती.
मी बोलू नये ते बोलले. "कागद सांभाळत बसा. हात जाऊ द्या."
त्यांनी डाव्या हातानं उजवा उचलून मांडीवर ठेवला. जसं काही मी तो घेऊन जाणार होते. माफी मागायला हवी होती. मागितली नाही.

२३ नोव्हेंबर, रविवार. पांढुर्णा, परत सौंसर
बसनं पांढुर्ण्याला. काकाजींच्या दुकानामागे घर. मी बयान लिहूनच नेलं होतं, सुवाच्य अक्षरात, "सहावा आकडा तीन असल्याचे मी जाणतो." फक्त सही करायची होती. त्यांनी चष्मा लावला, सगळं वाचलं, पेन टेबलावर ठेवलं.
"बाई, थो आठ हाय."
कशावरून?
त्यांनी अंगठ्याचं नख दाखवलं. "दर दसऱ्याले आंधी नखानं आकड्यावरचा पापुद्रा काढतो, मंग नवा शेंदूर लावतो. तीन असता त डाव्या बाजूनं नख घसरलं असतं. नाई घसरत. अडकते."
मी म्हटलं, कागदावर तीन आहे.
"कागद मानसानं लिहिला, बाई. नंबर मशीननं ठोकला."
माझं डोकं फिरलं. तुमच्या शेंदरामुळेच ही वेळ आली, म्हणाले. ते शांतपणे म्हणाले, "शेंदूर मी लावला. घासलं त तुमी."
त्यांच्या सुनेनं संत्र्यांची पिशवी भरून आणली, तीही नको म्हणवेना. मी शेवटी ह्यांच्या हाताचं सांगितलं, मार्चचं सांगितलं. काकाजींचे डोळे भरले, खरंच भरले. तरी म्हणाले, "जिथं शेंदूर लावला, त्या जागेची खोटी सही करू काय जी? दुसरं काही बी मांगा."
दुसरं काय मागू? सौंसरपर्यंत खिडकीला डोकं टेकून मनात भांडत आले. एक म्हातारा कागदाशिवाय बसत नाही, दुसरा कागदावर सही करत नाही. आणि मधल्या मध्ये मी, संत्र्यांची पिशवी घेऊन.

२६ नोव्हेंबर, बुधवार
गजूला सगळं सांगितलं. अंगणात कोणी नाही पाहून हळूच म्हणाला, "काकू, डावी बाजू भरून घेऊ ना जी. बारीक काम हाय. वरून काळं ऑइल. कोनाले समजनार हाय?"
मी लगेच नाही म्हटलं नाही. "पाहू," म्हटलं. हे इथे लिहून ठेवते, कारण नंतर मलाच वाटेल की मी ताडकन नाही म्हटलं होतं.
तिसरीच्या पोरांना आज शुद्धलेखन घातलं. एकानं चुकलेलं अक्षर खोडून पुन्हा खोडून कागदाला भोक पाडलं. मी त्याला रागावले नाही.

२८ नोव्हेंबर, शुक्रवार
अजून "पाहू"च.

३० नोव्हेंबर, रविवार
सकाळी नऊच्या सुमारास काकाजी दारात. न सांगता, पहिल्या बसनं. हातात पिशवी, डोक्यावर टोपी. "मले झोप नाई लागली बाई. म्हटलं, एकदा आपल्या नखानं पाहून याव. माझ्याच मनात काही घोटाळा असन, त तसं सांगतो."
म्हणजे तीन निघाला असता तर सही केली असती. मी सीट उचलली.
त्यांनी डोळे मिटून नख फिरवलं. दोनदा, तीनदा. मान हलवली. "अडकते." गजूही आला होता, त्याचं म्हणणं, कधी अडकते, कधी नाही. मी करून पाहिलं, मला काहीच लागलं नाही. आमची तिघांची वादावादी सुरू झाली. मी सर्वांत मोठ्यानं.
तेवढ्यात मागून, "मी."
हे उठले होते. वॉकर ढकलत व्हॅनपर्यंत आले, दाराशी टेकले. मी डावा हात धरून आत न्यायला गेले, तर झिडकारला. डाव्या हातानं उजव्याचं मनगट पकडलं आणि उजवा आत घातला. तो हात, ज्याच्यात जुलैत डॉक्टरांनी टाचणी टोचली आणि हे खिडकीबाहेर पाहत होते. नखं वाढलेली, रविवारी आंघोळीनंतर मी कापते, आज काकाजी आले म्हणून राहिलेली.
डाव्या हातानं उजव्या हाताचं बोट नंबरावरून सरकवलं. परत आणलं. पुन्हा सरकवलं. कपाळावर घाम. मी थांबले.
"अडकलं."
कुठे?
"डावी... कडं."
काकाजींनी मांडीवर थाप मारली. "पाहा! आठ!" कोर्टात केस जिंकल्यासारखे. गजू म्हणाला, गेले जी काकू तुमचे चार महिने. त्याचं बरोबर होतं. आठ म्हणजे रेकॉर्ड, दुरुस्ती, मार्च.
मला आठचं काही सुचतच नव्हतं. मी ह्यांच्या तोंडाकडे पाहत होते. विचारलं, तुम्हाला लागलं? बोटाला? खरंच? हे वैतागून माझ्याकडे पाहत राहिले, नागपूरची पाटी लावलेल्या बसला ही नागपूरला जाते का विचारणाऱ्या बाईकडे पाहावं तसे.
काकाजींनी बयानावर "आठ" लिहून सही केली. मी जुन्यावर खाडाखोड न करता नवीन कागद दिला होता.

१ डिसेंबर, सोमवार
गजूला फोन करून सांगितलं, आकड्याला हात लावायचा नाही. दुरुस्तीचा अर्ज लिहिला.
मधल्या सुट्टीत नागपूरला डॉक्टरांना फोन लावला. त्यांनी सगळं ऐकून घेतलं. म्हणाले, बोटाला खरंच कळलं असेल तर एक दिवस घालवू नका, उचलून आणावं लागलं तरी आणा. पण नक्की कळलं का? की आधी दोघं जण अडकते अडकते म्हणाले ते ऐकून म्हणाले? घरी करून पाहा, डोळे मिटायला सांगा, कधी नख लावा, कधी लावू नका.
सोपं आहे. पंचवीस वर्षं पोरांच्या परीक्षा घेते मी.
घरी आले. हे ओट्यावर बसलेले, उजवा हात मांडीवर उघडा ठेवलेला, त्याच्याकडे पाहत. मी शेजारी बसले. डोळे मिटा, असं म्हणायला तोंड उघडलं आणि चहा घेणार का विचारलं. दोनदा विचारलं. दोन्ही वेळा हो म्हणाले, दोन्ही वेळा चहा केला.
उद्या विचारीन.
नखं अजून कापली नाहीत.