तिसऱ्या मजल्यावरचा गोठा

शिल्ही, १४ नोव्हेंबर

ती. वन्संना हिरमाचा नमस्कार.

थंडीने तुमचे गुडघे पुन्हा धरले असतील. तिळाचं तेल लावा. इकडे सगळे जिवंत आहेत, एवढं आधी लिहिते.

मागच्या सोमवारी सकाळी उठले, चूल पेटवली, पाणी तापत ठेवलं आणि शेण काढायला खाली गेले, तर गोठा रिकामा. लाखी गाईचं हंबरणं मात्र येत होतं, तेही वरून. मान वर केली तर खूबूच्या हॉटेलच्या तिसऱ्या मजल्याच्या खिडकीतून तिचं तोंड बाहेर. धावत वर गेले. गुळगुळीत फरशीवर चारही पाय फाकून बिचारी थरथरत उभी, आणि खूबू, तुमचा लाडका भाचा, गवताचे भारे रचतोय.

"अरे, हे काय?"

"गोठा."

"गोठा? कोपऱ्यात कमोड आहे तो?"

"त्यावर पेंढ्या टाकतो. तू धार काढ, आई, आणि गप्प राहा."

मला हसू आलं, वन्सं. त्यानंतर नाही आलं.

रामपुरात तुमच्या कानावर काय घातलंय ठाऊक नाही, म्हणून सरळ लिहिते. ही जमीन जंगलाची आहे, बांधकाम थांबवा, वरचे दोन मजले उतरवा, असं हायकोर्टाने सांगून वर्ष झालं. खूबूने थांबवलं नाही, ताडपत्री लावून आत काम चालू ठेवलं. मग शिमल्याला जाऊन शपथेवर लिहून दिलं की दोन्ही मजले उतरवले, वर दिसतो तो आईचा जुना गोठा आणि गवताची माडी. जुन्या गोठ्यांना हात लावायचा नाही, असं कोर्टानेच म्हटलं होतं, ती पळवाट त्याने धरली. जज्जसाहेब म्हणाले, आमचा वकील येऊन बघेल. खोटं निघालं तर हा कोर्टाचा अवमान, सरळ तुरुंग.

आणि गोठा माझा, म्हणून जबाब माझा.

खूबू कागद घेऊन आला. "इथे अंगठा दे."

मी चष्मा शोधू लागले.

"वाचतेस काय? सफरचंदाच्या पेटीतली रद्दी आहे का ती?"

त्याच रद्दीवर मी अक्षरं शिकले, तुम्हीच सगळ्यांना हसत सांगायचात. मी कागद वाचला आणि परत केला. मग त्याच्या पाया पडले. आईने लेकाच्या. म्हटलं, अजून वेळ आहे, स्वतःच्या हाताने उतरव, माफी माग, कोर्ट सोडेल.

"उतरवून काय करू? मेंढ्या वळू?"

"तुझ्या बापाने वळल्या."

"आणि मेला."

नाल्यापलीकडचा डोंगर तुमच्या भावावर आला, त्याला दोन भादवे झाले. तिथली झाडं आधीच्या वर्षी रस्त्यासाठी गेली होती. टोपी तेवढी मिळाली. मी त्याबद्दल लिहीत नाही, आजही लिहिणार नव्हते.

आपल्या देवतेच्या रानातली पडलेली काटकीसुद्धा आपण घरी आणत नाही. खूबूने हॉटेलसाठी तिथले देवदार पाडण्याआधी बकरा देऊन देवतेला विचारलं. देवतेचा भगत, आपला गूर, अंगात आल्यावर म्हणाला, नाही. दुसऱ्यांदा विचारलं, नाही. तिसऱ्यांदा गूर काहीच बोलला नाही, तर यांनी ती परवानगी धरली! मी गूराकडे गेले. तो म्हणाला, "वहिनी, देवता रागावली की बोलत नाही. पण मला कोण विचारतंय?" पंचायतीचा प्रधान गुमतराम, त्याच्याकडे गेले. तो म्हणाला, "काकी, त्याच्या घरच्या धामेच्या पंगतीला सगळं गाव जेवलंय. आता गोठा म्हणजे गोठाच."

तुमचा निरोप पोहोचला. 'पोटच्या पोराला तुरुंगात धाडणारी आई मी पाहिली नाही, तोंड बंद ठेव.' मीही पाहिली नव्हती, वन्सं.

पण आता ते लिहिते, जे सुनेला सांगितलं तर ती म्हणाली, "यांना विचारते." हॉटेलच्या पायाखाली आपलं घर आहे. घरामागच्या बांधाला भेग पडली आहे. मी हात घातला, कोपरापर्यंत गेला. आतली माती ओली होती. त्याच भिंतीला लागून पूनूची, आपल्या नातीची, खाट आहे. मी खाट ओढून अलीकडे घेतली, सुनेने परत सरकवली, कारण इकडे दार अडतं. पोर रोज तिथे झोपते. आणि माझ्यासमोर खूबू ठेकेदाराला म्हणाला, जबाब टिकला की चैत्रात देवदारांची वरची रांग काढू.

तुम्ही त्याला अंगाखांद्यावर वाढवलंत. मी शेतावर असायचे, तो तुमच्या पाठीवर. म्हणून दुसऱ्या कोणाकडून कळण्याआधी तुम्हाला माझ्याकडून कळावं.

परवा रात्री खूबू माझ्या हाताचं जेवला. "उद्या नीट बोल हं, आई," म्हणाला. मी त्याच्या ताटात तूप वाढलं.

दुसऱ्या दिवशी कोर्टाचे वकील आले. गाव अंगणात उभं होतं. मी त्यांना वर नेलं, लाखीचं दावं सोडलं, भारे बाजूला केले, फरशी उघडी केली. मग घरामागे नेऊन भेग दाखवली. त्यांनी विचारलं, हे मजले कधी बांधले? मी खरा महिना सांगितला. त्यांनी लिहिलं, मी वाचून पाहिलं आणि खाली माझं नाव लिहिलं.

तुमची, अजून म्हणू देत असाल तर,
भावजय हिरमा